बर्फावरची बेगमी

मालवणच्या धक्क्यावर उभे राहून दक्षिणेकडे तोंड केले, की किनाऱ्याकिनाऱ्याने आधी वेंगुर्ले येते, मग तेरेखोलची खाडी, आणि खाडी ओलांडली की गोवा. आगबोटीच्या जमान्यात मुंबईहून सुटलेली बोट आमच्याकडची माणसे उतरवून पुढे पणजीला जाई, तेव्हा गोव्याचा शेजार हा समुद्राचाच शेजार होता. त्या शेजारातल्या मुरगाव बंदरातून ६ डिसेंबर १९८१ रोजी ‘पोलर सर्कल’ नावाचे एक नॉर्वेजियन जहाज निघाले. भारत सरकारने ते भाड्याने घेतले होते. आत एकवीस माणसांची तुकडी होती आणि तिचे पुढारी होते डॉ. सय्यद झहूर कासीम. गोव्याच्या दोना पावला येथील राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे ते पूर्वी संचालक होते.

जहाज कोठे निघाले याचा फारसा गवगवा केलेला नव्हता. त्याच वर्षी १ मे रोजी रत्नागिरीतून आमचा सिंधुदुर्ग जिल्हा वेगळा झाला होता, आणि चावडीवर बोलायला तेवढा विषय पुरेसा होता. शिवाय जहाज मुरगावाहून दक्षिणेला वळले. आमच्या किनाऱ्याला ते दिसण्याचे कारणच नव्हते. ९ जानेवारी १९८२ रोजी त्यातली माणसे अंटार्क्टिकाच्या बर्फावर उतरली, तेव्हा कुठे देशाला कळले, की पृथ्वीच्या तळाशी आपली माणसे पोचली आहेत. सुमारे दहा दिवस काम करून, एक स्वयंचलित हवामान केंद्र मागे ठेवून, २१ फेब्रुवारीला ती गोव्यास परतलीसुद्धा.

त्या जहाजावर नौदलाची हेलिकॉप्टरे होती, शास्त्रीय उपकरणे होती, इंधनाची पिंपे होती. सत्तर वर्षांपूर्वी ज्यांच्यावाचून या मुलखात कोणी पाऊल टाकले नसते अशी एक चीज मात्र नव्हती. कुत्री नव्हती!

ध्रुवाकडच्या सफरींच्या गोष्टी आपण लहानपणापासून शौर्यकथा म्हणून वाचतो. वादळ, हिमदंश, बर्फातल्या भेगा, आणि शेवटी झेंडा. माझे मत जरा निराळे आहे. ही गोष्ट पहिल्यापासून अखेरपर्यंत बेगमीची आहे, आणि कोकणात चार पावसाळे काढलेल्या कोणत्याही घरधनिणीला ती लंडनच्या भूगोलपंडितांपेक्षा लवकर उमजेल. आमच्याकडे वैशाख संपत आला की आगोटीची घाई सुरू होते. आगोट म्हणजे पावसाचे तोंड. त्याच्या आत उकडे तांदूळ, कुळीथ, आमसुले, फणसाची साठे, पापड, खारवलेले बांगडे, सुके बोंबील, सुकट, चुलीची लाकडे, पडवीला लावायची झावळ्यांची झापे, असे सारे घरात आले पाहिजे. एकदा मृग लागला आणि होड्या वर ओढल्या, की नारळी पौर्णिमेपर्यंत समुद्र काही देत नाही आणि पूर्वी तर वाटाही बंद होत. जे घरात आहे ते आहे. जे नाही ते नाही. आता यातले चार महिने काढून तिथे वर्षभर ठेवा, पावसाच्या जागी बर्फ ठेवा, म्हणजे ध्रुवप्रदेश झाला.

आणि या बेगमीतली सर्वांत चतुर, आणि सांगायला सर्वांत अवघड, गोष्ट म्हणजे कुत्रा.

कुत्र्यांच्या गाडीला चाके नसतात. दोन लांब धावा, त्यांवर आडव्या फळ्या, आणि सारे बांधलेले चामड्याच्या वादीने. खिळे मारलेली गाडी कडक थंडीत तडकते, बांधलेली गाडी लवचिक राहते. आमच्या जुन्या होड्यांच्या फळ्या काथ्याने शिवीत, त्यामागचे शहाणपण याच जातीचे. ग्रीनलंडमध्ये कुत्री पंख्यासारखी जुंपतात, म्हणजे प्रत्येकाचा दोर वेगळा. त्यामुळे पातळ बर्फावर भार पसरतो आणि एखादे कुत्रे भेगेत पडले तरी बाकीची त्याच्यामागून जात नाहीत. मात्र धावताना ती इकडची तिकडे उड्या मारतात आणि दोरांचा असा काही गुंता करतात, की गोठलेल्या बोटांनी तो सोडवीत बसणे हीच हाकणाऱ्याची खरी तपश्चर्या. उत्तर कॅनडातल्या नेत्सिलिक इन्युइट लोकांची युक्ती तर आम्हा मासेखाऊंना थक्क करणारी आहे. त्यांच्या मुलखात लाकूड नाही. तेव्हा ते कातड्यात मासे गुंडाळून ती वळकटी गोठू देत आणि त्याचीच गाडीची धाव करीत! हिवाळाभर गाडी हाकायची, आणि वसंतात ती वितळू लागली की मासे माणसांनी खायचे आणि कातडे कुत्र्यांनी. गाडीच बेगमी, बेगमीच गाडी.

कुत्र्याचेही तेच. घोड्याला गवत लागते, आणि बर्फात गवत नाही, म्हणजे घोड्याचा चारा घोड्यानेच ओढायचा. कुत्रा सील खातो, मासा खातो, आणि वेळ आली तर कुत्रा खातो. या शेवटच्या वाक्यापाशी मराठी वाचक थबकेल. थबकावेच. पण ही गोष्ट गाळून ध्रुवाचा इतिहास लिहिणे म्हणजे मीठ गाळून सार करणे होय.

नॉर्वेचा नान्सेन १८९३ मध्ये ‘फ्राम’ हे जहाज मुद्दाम उत्तरेच्या बर्फात अडकवून घेऊन त्याबरोबर वाहत निघाला. दोन हिवाळ्यांनंतर, १४ मार्च १८९५ रोजी, तो आणि हियालमार योहान्सेन असे दोघेच तीन गाड्या आणि अठ्ठावीस कुत्री घेऊन जहाज सोडून ध्रुवाकडे चालू लागले. हिशोब पहिल्या दिवसापासून ठरलेला होता: गाडीवरचे ओझे जसे कमी होईल तसा एकेक कुत्रा मारायचा आणि बाकीच्यांना घालायचा. ८ एप्रिलला ते ८६ अंशांच्या पलीकडे पोचले. तोवर इतका उत्तरेला माणूस गेला नव्हता. तिथून ते मागे फिरले. मोकळ्या पाण्याच्या काठी आले तेव्हा दोनच कुत्री उरली होती, एक नान्सेनचे आणि एक योहान्सेनचे. पुढे लहान होड्यांतून जायचे होते. आपले कुत्रे आपल्या हाताने मारणे दोघांनाही जमेना. तेव्हा त्यांनी कुत्र्यांची अदलाबदल केली. नान्सेनने योहान्सेनचे कुत्रे नेले आणि योहान्सेनने नान्सेनचे, आणि बर्फाच्या उंचवट्याआड दोन बार झाले. मग या दोघांनी एक पूर्ण हिवाळा दगडांच्या आणि वॉलरसच्या कातड्याच्या खोपटात अस्वलाचे मांस खाऊन काढला, आणि दोघेही जिवंत परतले. नान्सेनचे पुस्तक १८९७ मध्ये निघाले. त्याच्या पुढल्याच वर्षाच्या अखेरीस आमच्या रत्नागिरीच्या लोकमान्यांनी तुरुंगातून सुटून आल्यावर आर्यांचे मूलस्थान उत्तर ध्रुवाकडे होते हे सांगणाऱ्या ग्रंथाचा पहिला खर्डा लिहिला. तो १९०३ मध्ये छापला गेला. एकाच दशकात एक माणूस त्या मुलखात पायांनी चालत होता आणि दुसरा वेदांच्या वाटेने!

नान्सेनचे हे गणित शिकून पुढे गेला तो रोआल्ड अमुंडसेन. १९०३ ते १९०६ या काळात त्याने लहानशा ‘योआ’ जहाजातून वायव्य मार्ग पार केला, आणि त्यातले दोन हिवाळे त्या मासे गुंडाळणाऱ्या नेत्सिलिकांच्या शेजारी काढले. गोरा माणूस असून त्याने एक दुर्मिळ गोष्ट केली: त्यांच्यासमोर विद्यार्थी होऊन बसला. कातड्याचे कपडे कसे सैल घालावे म्हणजे घाम साचत नाही, कुत्र्याला केव्हा ओरडावे आणि केव्हा गप्प बसावे, हे सारे त्याने त्यांच्याकडून घेतले. दक्षिण ध्रुवाची शर्यत निम्मी तिथेच जिंकली गेली, असे मला वाटते.

१९१० च्या ऑगस्टमध्ये तो ‘फ्राम’वर ग्रीनलंडची ९७ कुत्री चढवून निघाला. विषुववृत्त ओलांडताना त्या केसाळ जनावरांना ऊन बाधू नये म्हणून डेकवर सावलीची कापडे ताणली होती आणि खालून हवा खेळावी म्हणून वेगळ्या फळ्या घातल्या होत्या. वाटेत कुत्र्यांना पिले झाली आणि १९११ च्या जानेवारीत जहाज दक्षिणेच्या बर्फाला लागले तेव्हा संख्या ११६ वर गेली होती. हिवाळा येण्याआधी त्याने टनांवारी सीलचे मांस साठवले आणि ध्रुवाच्या वाटेवर ८०, ८१ आणि ८२ या अक्षांशांवर तीन कोठारे भरून ठेवली. पांढऱ्या वाळवंटात कोठार पुन्हा सापडावे कसे? प्रत्येक कोठाराच्या पूर्वेस आणि पश्चिमेस कित्येक किलोमीटरपर्यंत त्याने खुणांची आडवी रांग लावली, म्हणजे वाट थोडी चुकली तरी रांग आडवी यावी. आणि एका खेपेस निशाणे संपली तेव्हा त्याने बर्फात काय रोवले असेल? सुके मासे! वाट दाखवायला मासा, आणि परतताना कुत्र्यांना खायलाही तोच. आमच्या बाजारातल्या सुक्या मासळीच्या राशीपुढून जाताना नाकाला रुमाल लावणाऱ्या पाहुण्यांना मी ही हकिकत अगत्याने सांगतो.

घाई त्यालाही भोवली. सप्टेंबरातच तो निघाला आणि उणे पन्नास अंशांच्या खालच्या थंडीत कुत्री मरू लागल्यावर तळाकडे पळत परतला. त्या पळापळीत मागे पडलेल्या सोबत्याला योहान्सेनने वाचवले, आणि मग पुढाऱ्याने सोबत्यांना मागे टाकले म्हणून सर्वांसमोर त्याला सुनावले. होय, नान्सेनबरोबरचा तोच योहान्सेन. अमुंडसेनने त्याला ध्रुवाच्या तुकडीतून वगळले. १९१३ च्या जानेवारीत त्याने आत्महत्या केली. विजयाच्या खात्यात हा खर्चही मांडला पाहिजे.

ऑक्टोबरच्या तिसऱ्या आठवड्यात पाच माणसे, चार गाड्या आणि ५२ कुत्री निघाली. हिमनदीची भिंत चढून ती पठारावर पोचली. तिथे ठरल्याप्रमाणे चोवीस कुत्री गोळी घालून मारायची होती, ज्याने ज्याने हाकली त्यानेच आपली. अमुंडसेन तंबूत बसून स्टोव्हला जोरजोराने पंप मारीत होता. आवाज वाढला की बंदुकीचे बार ऐकू येणार नाहीत म्हणून. हे त्याने स्वतःच लिहून ठेवले आहे. त्या जागेला त्यांनी नाव दिले ‘कसाईखाना’. १४ डिसेंबर १९११ रोजी ते ध्रुवावर होते, आणि २५ जानेवारीला, नव्व्याण्णव दिवसांनी, पाचही माणसे आणि अकरा कुत्री तळावर परतली. ५२ गेली, ११ आली.

इंग्लंडचा कॅप्टन स्कॉट चौतीस दिवस उशिरा, १७ जानेवारी १९१२ रोजी पोचला. त्याच्याकडे मोटारगाड्या होत्या, तट्टे होती, थोडी कुत्रीही होती. पण शेवटचा मोठा टप्पा त्याच्या माणसांनी स्वतः गाड्या ओढून पार केला. तट्टाचा घाम कातडीवर गोठतो, कुत्र्याला तशा घामाचा त्रास नाही. तट्टे थकली म्हणून ‘एक टन’ नावाचे कोठार ठरल्या जागेच्या बरेच अलीकडे करावे लागले. कोठारांतल्या डब्यांतले रॉकेल झिरपून उडून गेले. परतीच्या वाटेवर पाचही जण मेले. शेवटचा तंबू त्या कोठारापासून अवघ्या अठरा किलोमीटरवर होता. त्यांच्या धैर्याबद्दल शब्द काढण्याची कोणाची टाप नाही. पण कुत्र्याला मारून खाणे अमानुष आणि माणसाने झिजून मरणे उदात्त, हे जे त्या काळच्या इंग्रजांना वाटले, ते मला आजही पटत नाही.

याचा एक किस्सा आहे आणि त्यातले पात्र आपल्या ओळखीचे आहे. १९१२ च्या नोव्हेंबरात अमुंडसेन लंडनच्या रॉयल जिऑग्राफिकल सोसायटीपुढे व्याख्यानाला गेला. सोसायटीचे अध्यक्ष होते लॉर्ड कर्झन, बंगालची फाळणी करून गेलेले तेच. मेजवानीच्या शेवटी कर्झनसाहेबांनी पाहुण्याऐवजी त्याच्या कुत्र्यांचा जयजयकार करण्याची सूचना मांडली, असे अमुंडसेनने पुढे आपल्या आत्मचरित्रात लिहिले. सोसायटीने ते नाकारले. खरे असो वा खोटे, अमुंडसेनला तो अपमान वाटला. एरवी मी कर्झनच्या बाजूने कधी बोललो नसतो, पण कुत्र्यांच्या नावाने एक पेला उचलायला खरोखरच हरकत नव्हती.

१९८२ मध्ये आपली माणसे उतरली तो किनारा क्वीन मॉड लँडचा, म्हणजे नॉर्वेच्या राणीच्या नावाचा, आणि जहाजही नॉर्वेचेच. ज्यांनी बर्फाची विद्या इन्युइटांकडून घेतली, त्यांच्या जहाजातून आपण गेलो. पण खरी बेगमीची परीक्षा पुढे होती, कारण पहिल्या दोन मोहिमा उन्हाळ्यापुरत्या होत्या. तिसरी मोहीम ३ डिसेंबर १९८३ रोजी डॉ. हर्ष गुप्ता यांच्या नेतृत्वाखाली गोव्याहून ‘फिनपोलारिस’ जहाजाने निघाली, एक्याऐंशी माणसांची. सैन्यातल्या इंजिनिअरांनी दोनेक महिन्यांत ‘दक्षिण गंगोत्री’ हे ठाणे उभे केले, आणि तिकडचा उन्हाळा सरता सरता जहाज निघून गेले तेव्हा बारा माणसे मागे राहिली. हिंदुस्थानच्या इतिहासात बर्फावरची पहिली आगोट ती. त्या अक्षांशावर दोनेक महिने सूर्य उगवत नाही. चढवायला विसरलेली सुई पुढच्या उन्हाळ्यातच मिळायची. कुत्र्यांच्या जागी आता पट्ट्यांवर चालणाऱ्या गाड्या होत्या. त्या थकत नाहीत, दोरांचा गुंता करीत नाहीत. पण त्यांना लागणारा तेलाचा थेंब न् थेंब समुद्रावरून आणावा लागतो, त्यांना पिले होत नाहीत, आणि बंद पडल्या तर खाता येत नाहीत. बारा जणांनी तो हिवाळा काढला आणि पुढचे जहाज आल्यावर ते सुखरूप परतले.

त्या तिसऱ्या मोहिमेत दोन स्त्रिया होत्या, अंटार्क्टिकावर जाणाऱ्या पहिल्या भारतीय स्त्रिया. एक भूशास्त्रज्ञ सुदीप्ता सेनगुप्ता, आणि दुसऱ्या आपल्या अदिती पंत. औंधच्या पंतप्रतिनिधींच्या घराण्यातल्या त्या. ज्या राजेसाहेबांनी महाराष्ट्राला सूर्यनमस्कार घालायला लावले, त्यांची ही नात. परराष्ट्र खात्यात नाव काढलेले आप्पासाहेब पंत हे त्यांचे वडील. अदितीबाई पुण्यात शिकल्या, पुढे हवाई आणि लंडन येथे समुद्रशास्त्राचा अभ्यास करून दोना पावलाच्या संस्थेत रुजू झाल्या. त्यांच्या अभ्यासाचा विषय समुद्रातल्या डोळ्यांना न दिसणाऱ्या वनस्पती आणि त्यांवर उभी असलेली अन्नसाखळी. ध्रुवाकडच्या छोट्या उन्हाळ्यात ऊन पडले की या सूक्ष्म वनस्पती समुद्रभर माजतात, त्यांवर कोळंबीसारखे क्रिल पोसतात, क्रिलवर पेंग्विन, सील आणि देवमासे. म्हणजे तिकडचा समुद्रही थोड्या उजेडाच्या दिवसांत वर्षाची बेगमी करून घेतो, आणि औंधची एक मुलगी बाटल्यांत पाणी भरून त्याचा हिशोब मांडीत होती. पुढच्या एका मोहिमेतही त्या गेल्या.

‘दक्षिण गंगोत्री’ बर्फाच्या थरावरच बांधलेली होती. दर वर्षी तिच्यावर हिम साचत गेले आणि ठाणे हळूहळू आत जाऊ लागले. तेव्हा १९८९ मध्ये उघड्या खडकावर ‘मैत्री’ उभारली गेली, आणि १९९० च्या फेब्रुवारीत जुन्या ठाण्यातला मुक्काम हलला. काही काळ त्याचा उपयोग कोठार म्हणून झाला, मग बर्फाने तेही गिळले. ध्रुवविज्ञानाचे आपले राष्ट्रीय केंद्र मात्र गोव्यातच, वास्कोला मुरगाव बंदराच्या माथ्यावर आहे. मोहिमांची जहाजे आता बहुधा केपटाऊनहून सुटतात.

आपला मुक्काम हलला त्याच आठवड्यात त्याच खंडाच्या दुसऱ्या टोकाला कुत्र्यांच्या गाडीची एक अवाढव्य सफर संपत आली होती. अमेरिका, फ्रान्स, रशिया, ब्रिटन, चीन आणि जपान यांचा एकेक माणूस, तीन गाड्या, आणि समोर अख्खे अंटार्क्टिका. २७ जुलै १९८९ रोजी, म्हणजे ऐन हिवाळ्यात, ते निघाले. ११ डिसेंबरला दक्षिण ध्रुव ओलांडला. आणि ३ मार्च १९९० रोजी रशियाच्या मिर्नी ठाण्यावर पोचले. सहा हजारांहून अधिक किलोमीटर, २२० दिवस. विमानाने आधी टाकून ठेवलेली काही कोठारे बर्फाखाली अशी गाडली गेली, की सापडलीच नाहीत. विमान आले, वायरलेस आला, तरी दुखणे जुनेच. आणि मुक्काम जवळ आला असता जपानी गडी केईझो फुनात्सु संध्याकाळी कुत्र्यांना खायला घालायला म्हणून तंबूबाहेर पडला आणि वादळात हरवला. बर्फात खड्डा करून तो त्यात पडून राहिला, अंगावर हिम घेऊन. सोबती दोर धरून गोल गोल फिरत हाका मारीत होते. तेरा तासांनी तो सापडला, जिवंत.

त्यानंतर अंटार्क्टिकावर इतकी मोठी कुत्र्यांची सफर होण्याचा प्रश्नच उरला नाही. १९९१ च्या ऑक्टोबरात माद्रिद येथे राष्ट्रांनी करार केला, की बाहेरून आणलेले प्राणी या खंडावर ठेवायचे नाहीत. कुत्र्यांचे रोग सीलना लागतील ही भीती होती. मुदत होती १ एप्रिल १९९४ ची. २२ फेब्रुवारी १९९४ रोजी ब्रिटिशांच्या रोथेरा ठाण्यावरून शेवटची कुत्री विमानात बसवली. त्यांच्या कित्येक पिढ्या त्या बर्फावरच जन्मलेल्या. जन्मात झाड न पाहिलेली ती कुत्री फॉकलंड, इंग्लंड, अमेरिका अशी मजल दरमजल करीत कॅनडात हडसन उपसागराच्या काठी इनुकजुआक नावाच्या गावी पोचली, आणि तिथल्या इन्युइटांच्या स्वाधीन झाली. अमुंडसेनला ज्यांनी गाडी हाकायला शिकवले, त्यांच्याच जातभाईंच्या हाती.